एक जुनं, एक नवं

तुळसामावशी,

स्मरणिकेवाल्या पोरींनी वस्तीतल्या पहिल्या माणसांवर लिहून मागितलं आहे. त्यांना 'कष्टाळू', 'प्रेमळ' असले शब्द हवेत. कष्टाळू तू होतीस, त्याला इलाज नव्हता. प्रेमळ होतीस की नाही, ते मला आजही सांगता येणार नाही. म्हणून मी तुझ्या पेटीचं लिहिते, आणि तुलाच सांगते, कारण मधला भाग तुला माहीत नाही.

सन एकसष्ट. भिलाईत, रुआबांध्यात आपल्या झोपड्या होत्या. माणसं स्टील प्लांटच्या उभारणीवर, बाया मिळेल त्या कामावर. तू एकटी, विधवा, भंडाऱ्याकडच्या खेड्यात चौथी शिकलेली. सेक्टरातल्या साहेबांच्या क्वार्टरांत भांडी घासायचीस. साहेब लोक देशभरातून यायचे आणि बदली झाली की निघायचे. सामान बांधताना पुस्तकं उरायची. मेमसाब म्हणायची, "बाई, सिगड़ी जलाने को ले जाओ."

तू न्यायचीस. पण सिगडीत एक पान घातलं नाहीस. मशिनीच्या पॅकिंगची फळकुटं ठोकून केलेल्या पेटीत सगळं रचून ठेवलंस. कव्हर गेलेल्या कादंबऱ्या, हिंदी जासूसी किस्से, गुळगुळीत कागदावरच्या रशियन गोष्टी, बाळंतपणाचं डॉक्टरी पुस्तक, एक बंगाली काहीतरी, जे आपल्यात कुणालाच वाचता येत नव्हतं. आणि तळाशी लाल कापडात बांधलेल्या ओव्यांच्या पोथ्या.

मी नववीत होते. पहिल्यांदा आले तेव्हा एक कादंबरी उचलली.

"मले हेच पाहिजे."

"हेच नाई भेटत," तू म्हणालीस. "एक जुनं, एक नवं. जोडीनं नेयाचं, जोडीनं आनाचं."

"पोथी कायले वं मावशी? आपून तं सोडलं ना ते."

"काय सोडलं ते तं पाह्य."

परत करताना तू दारातच अडवायचीस. ह्याच्यात काय होतं, त्याच्यात काय होतं? सांगता आलं नाही तर पुढची जोडी बंद. आता कबूल करते. नवी पुस्तकं मी अधाशासारखी वाचत होते. जुन्यांचं पहिलं आणि शेवटचं पान वाचायचं आणि मधलं जुळवायचं, असं माझं चाललेलं. तीनदा पचलं.

चौथ्यांदा तू मला एका राणीच्या कथेची पोथी दिलीस. ती घरी न्यायची मला भीती वाटली. माझे बाबा, देवाजी, कसे होते तुला ठाऊकच आहे. छप्पनला दीक्षा घेऊन गावाकडे वैनगंगेत घरचे देव सोडून आलेला माणूस. आईनं टोपलीत देवाची एक सुपारी मागे ठेवली होती, ती सापडली तेव्हा आठ दिवस तिच्याशी बोलले नव्हते. म्हणून मी पोथीला खाकी कागदाचं कव्हर चढवलं आणि वर झोकात लिहिलं: भूमिती, भाग दुसरा. फळीवर ठेवली आणि कादंबरीत बुडाले.

भैय्याजी आले ते नेमके त्याच आठवड्यात. आपल्या मंडळाचे सेक्रेटरी, रेल्वेत नोकरीला, रोज भिलाई-3 ला सायकलनं जाणारे, गणितात पक्के. चहा होईपर्यंत त्यांना माझी परीक्षा घ्यायची हुक्की आली.

"आन वं तुई भूमिती. प्रमेय इचारतो."

मी उठेपर्यंत त्यांचा हात फळीवर पोचला होता. त्यांनी पोथी उघडली, दोन पानं उलटली आणि न बोलता बाबांच्या पुढ्यात ठेवली. पहिल्या पानावर गणपती होता.

"कोनं देलं हे?" बाबांनी विचारलं.

"तुळसामावशीनं."

"वरतून भूमितीचं कव्हर चढवून? पोरीले चोरी शिकवून राहिली का ते बाई?"

मी काही बोलले नाही. हाच तो मधला भाग, मावशी. तिथं एक वाक्य पुरलं असतं.

सुटीच्या दिवशी सकाळी बैठक बसली. चाळीसेक माणसं, समोर बाबासाहेबांचा फोटो, फोटोपुढे तुझी पेटी. ती दोघांनी उचलून आणली होती आणि तू मागून चालत आली होतीस, हात पुसत.

भैय्याजींनी सरळ सांगितलं, "नवी पुस्तकं राहू द्या. जुनी सगळी शिवनाथेत. देव सोडले तशीच हे बी सोडाची. आन लपवून देनं तं अजूनच वाईट. हे कव्हर कोनं घातलं?"

तू माझ्याकडे पाहिलंस. अक्षर माझं होतं, ते तुला ओळखू आलं असणारच.

"मीनं," तू म्हणालीस.

बाबांनी मान दुसरीकडे वळवली. मला वाटलं, आता तू माफी मागशील. तू पदर खोचलास.

"भैय्याजी, एक इचारू? ज्यानं आपल्याले ह्याच्यातून काढलं," तू फोटोकडे हात केलास, "त्यानं हे सारं वाचलं होतं का नाई?"

"होतं."

"त्यानं वाचून सोडलं. तुमी न वाचता सोडून राहिले. उद्या एखादा पंडित ह्या पोरीले म्हनन, तुले काय समजते, तं हे काय सांगन? माह्या बापानं नदीत फेकलं, मनून मले मालूम नाई?"

मागं बाया बसल्या होत्या. त्यातली एक म्हणाली, "बरोबर हाय तिचं." कुजबुज झाली. बाबासुद्धा जमिनीकडे पाहत विचारात पडले होते. भैय्याजी हट्टी होते, पण खोटे नव्हते.

"ठीक हाय. ह्या पोरीजवळ पोथी आठ दिवस होती. तिनं सांगावं ह्याच्यात काय लिहिलं हाय. सांगितलं, तं पेटी जशी हाय तशी राहीन. माहा शब्द."

तू खाली बसलीस. भिंतीला पाठ टेकून, अगदी निवांत. "सांग वं ललिता. भेऊ नको."

मी उभी राहिले. माझे पाय मला आठवतात, चपला नव्हत्या आणि जमीन तापू लागली होती.

"एक राणी असते," मी म्हणाले.

"मंग?"

"ती... तिच्या राज्यात असते."

"मंग?"

मला फक्त शेवटचं पान आठवत होतं. त्यावर एक चित्र होतं. "मंग तिच्यापाशी एक मोर असते."

भैय्याजींनी पोथी उलटी केली, शेवटचं पान पाहिलं. "मोर छापखान्याची निशानी हाय," ते म्हणाले.

कुणीतरी हसलं. मग बरेच जण हसले. बाबा हसले नाहीत. तुझ्याकडे बघायची माझी हिंमत झाली नाही, त्यामुळे तुझा चेहरा कसा झाला ते मी या कागदावर लिहू शकत नाही.

पोथ्या अकरा निघाल्या. सुतळीनं तूच बांधल्यास, घट्ट. बाबांनी सायकलच्या कॅरियरवर नेल्या. बंगाली पुस्तक जुनं की नवं यावर थोडा वाद झाला. कुणाला वाचता येईना, म्हणून तेही नेलं.

पुढच्या आठवड्यात मी पेटीशी आले. मला शिव्या हव्या होत्या. तू एक कादंबरी माझ्या हातात दिलीस.

"एकच?"

"एकच."

परत केली तेव्हा दारात अडवलं नाहीस. नंतर कधीच नाही. तीन वर्षं मी तुझ्याकडून हवं ते नेलं आणि त्यात काय होतं ते मला सांगावं लागलं नाही.

चौसष्टला मी मॅट्रिक होऊन नागपूरला कॉलेजात निघाले. बाबा ट्रंक बांधत होते. तू कामावरून परस्पर आलीस, बसली नाहीस.

"सीताबर्डीवर जुनी पुस्तकं भेटतात मनते."

"हो, भेटतात."

"ते राणीची पोथी भेटली तं पाह्य. आनू नको. तिथंच वाच. माहे शेवटचे दोन अध्याय वाचाचे राहिले होते, तुई पाळी आली मनून तुले देली. नवऱ्यानं तिले वनात धाडलं, तिथवर मी आली होती. ते वापस आली का नाई, तेवढं सुट्टीत येऊन सांग."

मी हो म्हणाले.

दिवाळीच्या सुट्टीत तू दारात आलीस. मी म्हणाले, अजून नाही भेटली. शोधलीच नव्हती. नवं कॉलेज, नव्या मैत्रिणी, नवी पुस्तकं. लाल कापडाच्या पोथीसाठी फुटपाथवर वाकायची मला लाज वाटायची, हे खरं कारण. उन्हाळ्यात आले तेव्हा तू विचारलं नाहीस.

अडुसष्टच्या मे महिन्यात तू गेलीस. मी तेव्हा नागपुरातच बी.ए. करत होते. माझी खोली सीताबर्डीपासून दहा मिनिटांवर होती.