सोळा आण्यांची किल्ली

मावशीला गल्लीत सगळे ‘सोळा आणे’ म्हणत, पण पाठीमागे. तोंडावर म्हणायची कुणाची छाती नव्हती. आजाऱ्यांचं वजन उतरवायचं आणि पुन्हा चढवायचं, हे तिचं काम. तिच्या पिशवीत परातीएवढ्या दोन-तीन तबकड्या असत, प्रत्येकीची किल्ली वेगळी आणि प्रत्येकीच्या पोटात अधर दगडाची चकती. आपल्या दोन चंद्रांच्या मधे तरंगणाऱ्या खडकांतल्या खाणींतून हा दगड काढतात. मोकळा सोडला तर बेटा सरळ आभाळाच्या वाटेला लागतो! तबकडी खाटेखाली ठेवून किल्ली फिरवली, की खाटेवरच्या माणसाचं वजन उतरे. पूर्ण वजन म्हणजे सोळा आणे. हाड मोडलेल्याला आधी आठ आण्यांवर ठेवायचं आणि मग दर आठवड्याला एकेक आणा वाढवत सोळावर आणून उभं करायचं.

सांगायला सोपं आहे हो. किल्ली एक घर पुढे सरकली की आजारी माणूस कण्हायचा आणि त्याच्याहून मोठ्यानं त्याचे घरचे. “मावशी, एवढा आठवडा राहू द्या ना!”

“राहू देते. मग जन्मभर राहू द्या,” मावशी फटकन म्हणायची. “हलकं राहिलेलं हाड आळशी होतं. मग ते तुमच्या बापाचंसुद्धा ऐकत नाही.”

एका घरात सून फारच रडारड करायला लागली, तर मावशीनं तिच्या हातात खराटा दिला. “जा, अंगण झाडा. माझं होईपर्यंत आत यायचं नाही.” तेव्हापासून ती रीतच पडली. जो कळवळेल त्याला खराटा! लोक तिच्या नावानं बोटं मोडायचे आणि दोन-तीन महिन्यांनी तोच आजारी आपल्या पायांनी तिच्या दारात येऊन उभा राहायचा. तिला आतून भरून यायचं, पण चेहऱ्यावर दाखवेल तर शपथ.

तिचा आणखी एक नियम होता. तबकडीचा जोर जिथवर पोचतो, तिथवर खाटेभोवती खडूनं रिंगण आखायचं आणि तान्ह्या मुलाला त्या रिंगणात आणायचं नाही. वाढती हाडं हलकेपणात कच्ची राहतात. याबाबतीत तिनं भल्याभल्या आज्यांना दारात अडवलं होतं.

अशी ही मावशी. आणि एक दिवस तिचाच नवरा बांधकामाच्या परांचीवरून खाली आला. गवंडी होता तो. खुब्याचं हाड मोडलं.

मावशीनं खाट मांडली, रिंगण आखलं, किल्ली आठ आण्यांवर लावली. आठवड्यानं ती नऊवर नेली मात्र, गवंडी असा काही विव्हळला की तिचा हात किल्लीवरच राहिला. इतक्या वर्षांच्या संसारात या माणसानं तिच्यापुढे कधी हूं की चूं केलं नव्हतं. तिनं किल्ली परत आठवर आणली. आजच्या दिवस, असं मनाशी म्हणाली. मग सातवर. “अगं, आता जरा बरं वाटतंय,” तो म्हणाला, म्हणून सहावर. बघता बघता चार आणे झाले.

चार आण्यांवर गवंडी खुशीत. दोन बोटं खाटेच्या कडेला टेकवून सगळं अंग उचलायचा आणि म्हणायचा, “बघ, तुझा नवरा पहिलवान झाला!” ती हसायची आणि हसता हसता खाटेखाली बघायचं टाळायची. कळत नव्हतं असं थोडंच? दुसऱ्या कुणी हे केलं असतं तर तिनं घर डोक्यावर घेतलं असतं. पण रोज ‘उद्या बघू’ म्हणत तिनं सात महिने काढले.

मग लेक आली, पाच महिन्यांची मुलगी घेऊन. गवंड्यानं नातीला अजून पाहिलंही नव्हतं. त्यानं दोन्ही हात पसरले. “आण, आण इकडे त्या बाईसाहेबांना!” लेक लगबगीनं पुढे झाली.

“थांब!” मावशी ओरडली.

लेकीचं पाऊल खडूच्या रेषेवर थबकलं. “मग बाबांनाच बाहेर आणू या. आठ महिने होत आले, चालत असतील ना आता?”

मावशी खाली चटई अंथरत राहिली. लेक याच घरात वाढलेली. तिनं मुलीला चटईवर ठेवलं आणि वाकून खाटेखाली पाहिलं. “आई, चार? किती दिवस झाले?”

“सात महिने.”

“सात महिने! आणि गावभर सोळा आणे शिकवत फिरतेस?”

मावशी भिंतीला टेकून खालीच बसली. “त्यांचं कण्हणं ऐकवत नव्हतं गं मला.”

“तिला बोलू नकोस,” गवंडी म्हणाला. त्याचे हात अजून पसरलेलेच होते, ते त्यानं हळूच खाली घेतले. “मीच जरा मोठ्यानं कण्हायचो. कण्हलं की किल्ली मागे फिरते, हे कळलं होतं मला.” मग बायकोकडे वळून म्हणाला, “खरं सांग. नातीला मांडीवर घेता येईल का मला?”

“हाडं पार नरम पडली असतील,” मावशी म्हणाली. “चालण्याचं सांगता येत नाही. बसता आलं तरी मिळवलं.” तिनं किल्ली काढली आणि लेकीपुढे धरली. “तू लाव. माझ्या हाताचा भरवसा नाही.”

लेक तीन महिने राहिली. ठरलेल्या दिवशी सकाळी ती किल्ली घेऊन आत जायची आणि त्याआधी मुकाट्यानं आईच्या हातात खराटा द्यायची. मावशी अंगण झाडायची. आतून हुंदक्यासारखा आवाज आला की आणखी जोरानं झाडायची. अंगणात पाचोळ्याचं पान उरलं नव्हतं, तरी तिचं चालूच. शेजारीपाजारी सगळं पाहत होते, पण त्या तीन महिन्यांत कुणीही तिला ‘सोळा आणे’ म्हटलं नाही, पाठीमागेसुद्धा.

बाराव्या आठवड्याला आतला आवाज खूप वेळ चालला आणि मग एकदम थांबला. मावशीचा खराटा हवेतच राहिला.

“अगं ए, आत ये!”

गवंडी खाटेच्या कडेला बसला होता. घामानं निथळत होता, पाय जमिनीला टेकलेले आणि लटलट कापत होते. मांडीवर नात होती, त्याच्या मिशीला लोंबकळलेली. मावशीनं सवयीनं खडूच्या रेषेकडे पाहिलं.

“सोळा आहेत, आई,” लेक म्हणाली.

“केवढी जड आहे गं ही!” गवंडी म्हणाला, आणि लहान पोरासारखा रडायला लागला.

तो पुढे काठी टेकत दारापर्यंत जायला लागला, त्यापलीकडे नाही. परांची तर कायमचीच सुटली.

निघायच्या दिवशी लेकीनं त्या तबकडीची किल्ली आईपुढे धरली. “ठेव. कधी फारच दुखलं त्यांना तर?”

मावशीनं दोन्ही हात मागे घेतले. “म्हणूनच,” ती म्हणाली. “म्हणूनच घेऊन जा.”