भरलेलं बावखल

आलोशियसच्या कार्डावर ‘माहितीपट लेखक’ असं छापलेलं होतं. वसईच्या बाजारात लोक ते वाचून विचारायचे, म्हणजे तुम्ही नक्की काय करता? पडद्यावर बोलतो दुसरा, कॅमेरा धरतो तिसरा, नाव होतं निर्मात्याचं. मधली वाक्यं तेवढी याची. तरी दहा वर्षं तो किल्ले, तिवरं आणि मिठागरांवर लिहीत राहिला. मी त्याचा शाळेपासूनचा मित्र, त्यामुळे प्रत्येक मसुदा आधी माझ्या डोक्यावर आदळायचा.

१९९७ साली त्याने आपल्याच भुईगावच्या बावखलांवर लिहायला घेतलं. बावखल म्हणजे वाडीतलं गोड्या पाण्याचं तळं. त्याच्या जुलियाना मावशीचं बावखल भर उन्हाळ्यातही आटत नसे. पण तिच्या पुतण्यांचा जमीन विकायचा विचार चालला होता आणि सातबाऱ्यावर मावशीचं नाव नव्हतं. आलोशियसने तिला शब्द दिला, की एकदा टीव्हीवर दिसलं की बावखलाला हात लावायची कुणाची छाती होणार नाही.

मावशी कॅमेऱ्यापुढे यायला तयार नव्हती. आपल्या बोलण्याला लोक हसतील, एवढीच तिची भीती. कुणी हसणार नाही, हाही शब्द त्याने देऊन टाकला. शब्द देण्यात हा माणूस भलताच उदार. मग ती काठावर बसून इतकंच म्हणाली, “माझ्या सासूनं हेच पानी शिंपलं, मीपन तेच शिंपते.” पुढे आलोशियसने निवेदन जोडलं: ‘हे बावखल आजही भरलेलं आहे.’

निर्मात्याने आज-उद्या करत वर्ष घालवलं. तेवढ्यात पुतण्यांनी व्यवहार उरकला, डंपर आले आणि चार दिवसांत बावखल मातीने भरून टाकलं. आलोशियसने सरकारी कचेऱ्यांचे उंबरे झिजवले, पण कुणी दाद दिली नाही. शेवटी तो निर्मात्याकडे गेला आणि म्हणाला, निदान ते एक वाक्य तरी बदला. आवाज रेकॉर्ड झालाय, आता काही होणार नाही, असं सांगून निर्माता हसला.

“आणि वाक्य खोटं कुठंय? भरलेलंच आहे ना?”

आलोशियस तसाच उठून परत आला, याचा मला निर्मात्यापेक्षा जास्त राग आला. पण करणार तरी काय होता बिचारा? स्वतःचं एक वाक्यसुद्धा त्याच्या हातात नव्हतं.

माहितीपट गावाला दाखवला चर्चच्या हॉलमध्ये. मावशी नवं लाल लुगडं नेसून पहिल्या रांगेत बसली होती, शेजारी आम्ही दोघं. पडद्यावर तिचं बोलणं संपलं आणि निवेदकाचा भारदस्त आवाज आला, ‘हे बावखल आजही भरलेलं आहे.’ मागे कुणीतरी फिस्सकन हसलं. मग सगळा हॉल हसला.

मावशी अजून पडद्यावरचं पाणीच बघत होती. ती दचकून आलोशियसकडे वळली.

“हसले रे ते. मी ‘पानी’ बोलले म्हनून?”

“नाही मावशी,” तो म्हणाला, “माझ्या वाक्याला हसले.”

तिला ते पटलं नाही. घरी जाताना वाटेत माणसं भेटत होती, पण ती कुणाशी एक शब्दही बोलली नाही.