थांबाबाई चलथाणला जातात

१९ डिसेंबर १९९६, सकाळचे नऊ. हातातलं काम: सुरतेत भेस्तानच्या बस स्टॉपवर पानाच्या गल्ल्याआड, म्हणजे टपरीमागे, लपून उभं राहणं. माझं वय बेचाळीस, पदर कपाळापर्यंत ओढलेला, आणि शेजारी आमच्या मुख्य बाई त्याच अवतारात. त्या इतक्या बुटक्या होत्या की त्यांना लपायला गल्ल्याची गरज नव्हती, मी एकटी पुरले असते.

कतारगामच्या आमच्या केंद्रात सगळे त्यांना थांबाबाई म्हणत. केंद्राच्या पाटीवर त्या काळच्या रीतीने ‘मतिमंदांसाठी’ असं लिहिलेलं होतं. अठराच्या पुढची तीसेक माणसं तिथे यायची, साड्यांचे खोके घडवायला शिकायची. कुणी शर्टाच्या बटणाशी झगडत असलं आणि आमच्यापैकी एखादी उठली की बाईंचा आवाज यायचा, “थांबा.” स्वतःला थांबवणं त्यांनाही जड जाई. म्हणून त्या दोन्ही तळवे मांडीखाली दाबून, स्वतःच्या हातांवर बसायच्या. “हात मोकळे राहिले की मदत करतात,” असं त्यांचं म्हणणं.

एका वार्षिक समारंभाला कापड बाजारातले एक शेठ पाहुणे होते. हार घालण्याचं काम महेशकडे. हाराचा दोरा पुडीतच गुंतला होता. शेठ मान वाकवून उभे, महेश गाठ सोडवतोय, विश्वस्त घाम पुसतायत. मी अर्धी उठले. बाई व्यासपीठावर हातांवर बसलेल्या, पण माइक समोरच होता, त्यामुळे त्यांचं “थांबा” शेवटच्या रांगेपर्यंत गेलं. पाहुण्यांना वाटलं ते त्यांनाच सांगितलं. ते आणखी वाकले. शेवटी हार गळ्यात पडला तेव्हा शेठची मान काही सरळ होईना. तशाच वाकड्या मानेने ते म्हणाले, “बेन, आटला हार पहेर्या, पण आवी राह कोई हारनी नथी जोई.” इतके हार घातले, पण अशी वाट कुठल्याच हाराची पाहिली नव्हती म्हणे.

मी पडले घाईची बाई. दहा खोके घडवून मोकळी व्हायचे तोवर शेजारची उषा पहिल्याची कड दाबत असायची. मग मी तिचाही खोका उरकून टाकायचे. “पाटीलबाई, तुम्ही फार छान खोके घडवता,” बाई एकदा म्हणाल्या, “तुमचंच नाव घालू का आपल्याकडे?” सगळे हसले. उषा सर्वात जास्त.

ही उषा सव्वीस वर्षांची. वडील नंदुरबारकडचे, भेस्तानला लूमवर कामाला. आई रोज तिला केंद्रात सोडायची. त्या दिवाळीनंतर आईने कारखान्यात काम धरलं आणि वडिलांनी येऊन सांगितलं की आता सोडायला कुणी नाही, पोरगी गावी आत्याकडे राहील. उषाने त्या दिवशी एकही खोका घडवला नाही. मी लगेच म्हटलं, मीही भेस्तानलाच राहते, मी आणत जाईन. बाईंनी नको म्हणून मान हलवली. “आणि तुम्ही तापाने पडलात की ती घरी. ती एकटी येईल.” वडिलांकडून त्यांनी एक महिना मागून घेतला. महिनाभर उषाला शिकवलं: भेस्तानहून स्टेशन, तिथे बस बदलून कतारगाम. शेवटच्या दिवशी ती अगदी एकटी येणार, आणि वडील पाळी बदलून साडेदहाला केंद्राच्या फाटकात उभे राहणार. पोचली तर राहील, नाहीतर गावी.

तो हा दिवस. एकटीने म्हणजे एकटीने, असं बाईंनीच बजावलं होतं. पण आदल्या दिवशी मला कोपऱ्यात घेऊन म्हणाल्या, “आपण नुसतं मागून बघू.”

स्टेशनपर्यंत सगळं ठीक झालं. उषाची पिवळी ओढणी पुढे, आम्ही मागे. स्टेशनवर ही गर्दी. पिवळी ओढणी एका बसमध्ये चढली, आम्ही मागच्या दाराने घुसलो, पदर आणखी खाली ओढले आणि माना खाली घालून बसलो. बऱ्याच वेळाने मला काकवीसारखा वास आला. कतारगामला असा वास येत नाही. मी पदर वर केला. बाहेर उसाच्या गाड्यांची रांग लागली होती. साखर कारखाना. चलथाण. पिवळी ओढणी डबा घेऊन खाली उतरली, आम्ही तिच्यामागे धावलो, आणि केव्हापासून माझ्यामागे का लागलात, म्हणून तिने वळून आम्हाला फैलावर घेतलं. “मासी, क्यारना मारी पाछळ केम पड्या छो?” अनोळखी मुलगी.

बाई रस्त्याकडेला मैलाच्या दगडावर बसल्या आणि हसायला लागल्या. मला रडू येत होतं, तरी मीही हसले. परतीची बस तासाभराने होती. कापडाच्या ताक्यांनी भरलेला एक टेम्पो थांबला. ड्रायव्हरने हात दिला तेव्हा मी सवयीने म्हटलं, नको, चढते मी. “चढा गुपचूप,” बाई म्हणाल्या, “आज मदत घ्यायची.” ताक्यांवर बसून आम्ही सुरतेत शिरलो तेव्हा सव्वाबारा झाले होते.

फाटकात उषाचे वडील. चेहरा उतरलेला. बाईंनी टेम्पोतून खाली उडी मारली. वडीलच आधी बोलले, त्यांच्या अहिराणीत, “पोर तं कव्हयनी ई लागनी. तुम्ही दोन्ही कोठे दवडाई गयात?” पोर केव्हाच पोचली होती, हरवलो होतो आम्ही.

आत उषा खोके घडवत होती. सात झाले होते, सातही सरळ. चलथाणला कसं गेलो ते आम्ही सांगितलं. तिने गंभीरपणे ऐकून घेतलं. कंडक्टरला विचारलं का, असं विचारलं. बाई म्हणाल्या, नाही विचारलं. मग तिने गळ्यातलं कार्ड काढलं. त्यावर केंद्राचा पत्ता होता, हरवलंच तर दाखवायला. ते तिने बाईंच्या गळ्यात घातलं. दोरी अंबाड्यात अडकली, तिला सोडवायला बराच वेळ लागला. बाई मान वाकवून उभ्या राहिल्या. वडील ते पाहत होते. निघताना ते एवढंच म्हणाले की पोरगी उद्याही येईल, आणि त्यासाठी त्यांना पाळी बदलायची गरज नाही.

दोन वर्षांनी बाई बहिणीकडे जळगावला गेल्या आणि तिथेच वारल्या. तिथून पत्रात अधूनमधून लिहायच्या, अजून कंडक्टरला विचारते.

पण त्या चलथाणच्या दुसऱ्या दिवशी सकाळी मी नेहमीसारखी भेस्तानच्या स्टॉपवर गेले. रांगेत पुढे उषा होती. बस आली, ती चढली. मागे भरपूर जागा होती, कंडक्टरने मला हाक मारली. मी नको म्हणून मान हलवली आणि पुढच्या बसने गेले.