व्याह्यांचा आखूड हात

आमच्या व्याह्यांइतका तरुण म्हातारा अख्ख्या नवी मुंबईत दुसरा नसेल, आणि असलाच तर देवाने त्याला माझ्यापासून लांब ठेवावा. एकालाच सोसताना पुरेवाट होते. माझ्या मुलीचे हे सासरे वयाने माझ्याहून चांगले मोठे. पण केस काळेभोर, तेही कलप न लावता (मी जवळून तपासलेत), बत्तीशी शाबूत, आणि खाडीकाठच्या गावातून आमच्या सानपाड्याच्या फ्लॅटवर पापलेटांची पिशवी घेऊन येतात ते लिफ्टला न शिवता, जिन्याने. रिक्षावाले त्यांना दादा म्हणतात, मला बाबा. लग्नात तर फोटोवाल्याने "आजोबांना खुर्ची द्या" म्हणून मला बसवलं आणि यांना नवरदेवाच्या भावांत उभं केलं. मुलीच्या लग्नात बाप रडतो, मीही रडलो. पण त्यातलं निम्मं रडणं त्या खुर्चीचं होतं.

नात आमची दोघांची. पण सकाळी खाडीच्या रस्त्यावर धावते ती आज्याबरोबर, म्हणजे व्याह्यांबरोबर. मला बाकावर बसवून सांगते, "आजोबा, तू बस. पडशील."

अशात ज्येष्ठांच्या संघाने सत्तरीपुढच्यांची चालण्याची शर्यत ठेवली आणि व्याह्यांनी ती जिंकली. दुसरे आले ते एक निवृत्त वकील. हा माणूस सत्तरीचा असणंच शक्य नाही, म्हणत ते थेट कोर्टात गेले. शाळेच्या दाखल्यावर व्याह्यांचं वय निघालं एकोणसत्तर! खोटं कशाला बोलू, मला मनातून उकळ्या फुटल्या. मी तोंड पाडून सांत्वनाला गेलो, तर ताटातलं कालवण तसंच ठेवून ते बसलेले.

"कप नेऊ दे त्या वकिलाला," ते म्हणाले. "पन पोरीनं सगल्या शालेत सांगितलंय, माजा आजा पयला आला. आता म्हातारपनी खोटारडा ठरलो, तं तिला तोंड कसा दाखवू?"

मग मीच त्यांच्याबरोबर कोर्टात गेलो. त्यांचा धाकटा भाऊ मुंबईत मामाकडे, दवाखान्यात जन्मलेला. त्यामुळे त्याची नोंद पक्की, आणि तो सत्तर ओलांडलेला. थोरला कोण, हे गावातल्या दोन म्हाताऱ्यांनी शपथेवर सांगितलं. न्यायाधीशबाईंनी आमच्या बाकाकडे पाहिलं आणि माझ्यावर नजर रोखून विचारलं, "आणि हे सगळ्यात थोरले का?" मी उठून सांगितलं, "मी व्याही. यांच्याहून धाकटा."

"पण मग शाळेत तुमचं वय कमी कसं लागलं?" बाईंनी व्याह्यांना विचारलं.

"मॅडम, त्या टायमाला जन्माचा कागद कोनाकडं व्हता? मास्तर बोलायचे, डोक्यावरून हात घे नि पल्याडचा कान धर. कान लागला, का सहा वर्सांचा. माजा हात आखूड. दोनदा घरी धाडला. धाकट्याचा हात लांब, तो माज्याआदी शालेत बसला. माजा कान लागला तवा मी मोटा, पन मास्तरनं लिवला सहाचाच."

आणि त्यांनी भर कोर्टात करून दाखवलं. बोटं कशीबशी कानाच्या वरच्या कडेला टेकली. सगळं कोर्ट हसलं. मी गुपचूप माझा हात नेऊन पाहिला, कान पाळीसकट मुठीत आला. या एका बाबतीत तरी मी सरस निघालो.

निकाल व्याह्यांच्या बाजूने लागला. घरी नातीला सांगितलं, आजा खोटा नाही, कागदावर होता त्याहून तो मोठाच निघाला. ती टाळ्या पिटत नाचली. मग एकदम थांबली, त्यांच्याकडे निरखून बघत राहिली आणि आतून खुर्ची ओढत घेऊन आली.

"आजा, तू बस. पडशील."

ते हसले नाहीत. बसले.

तेव्हापासून सकाळी ती एकटीच पुढे धावते आणि व्याही माझ्याबरोबर चालतात, माझ्या चालीने. हा माणूस एकदा तरी माझ्या मागे पडावा, म्हणून मी वर्षानुवर्षं जळलो. आता रोज त्यांना म्हणतो, "व्याहीबुवा, व्हा ना पुढे. मी येतो मागून."

ते नुसती मान हलवतात, आणि माझ्या दंडाला धरतात.