डॉक्टरांनी आईला काय सांगितलं

शेवटी दादा काही बोलला का?

एवढंच विचारत होतो मी सगळ्यांना. हॉस्पिटलातल्या नर्सला विचारलं, ती सॉरी म्हणाली. दादाच्या मॅनेजरबाईंना फोनवर विचारलं, त्याही सॉरी म्हणाल्या. या देशात सॉरी फार छान म्हणतात, उत्तर कोणी देत नाही. आणि तिकडे कऱ्हाडला आई फोनजवळ बसलेली. तिचाही तोच प्रश्न. तिला मी काय सांगणार? दादा कोसळला तेव्हा मी तीन तासांवर टौरंगाला किवीफ्रूट पेट्यांत भरत होतो. ऑकलंडला पोचेपर्यंत सगळं संपलं होतं.

तर यातच मी जो गाढवपणा केला, तो सांगतो. हसलात तरी चालेल. दादा असता तर सगळ्यात जास्त तोच हसला असता.

दादा माझ्याहून नऊ वर्षांनी मोठा. शिकायला आला, ऑकलंडच्या अवोन्डेल भागात एका वृद्धाश्रमात कामाला लागला आणि तिथेच टिकला. मग मला बोलावून घेतलं. मी दहावी नापास, तीही दोनदा. माझं इंग्रजी म्हणजे 'येस' आणि 'स्वीट अ‍ॅज', म्हणजे इथलं 'झकास'. म्हणून दर रविवारी दादा मला टीव्हीपुढे बसवायचा, ब्रिटिश मालिका लावायचा. "नुसता ऐक. कान तयार होतील." कान कसले तयार होतात? मी झोपायचो.

दादाला पोचवून आल्यावर हॉलमध्ये चहा-सँडविच होतं. इथली पद्धत तशीच आहे. लोक काकडीचं सँडविच खात होते. तेवढ्यात कोपऱ्यात एक गोरा म्हातारा दिसला. उंच, कडक सूट, पांढऱ्या जाड भुवया. आणि माझ्या डोक्यात एकदम उजेड पडला. हा चेहरा मी पाहिलाय! पांढऱ्या कोटात, दारातून बाहेर येतो, चष्मा काढतो, मान हलवतो. अरे, हा तर दादाचा डॉक्टर.

विचार करणं मला कधी जमलेलं नाही. सरळ गेलो आणि त्याची बाही धरली. "यू डॉक्टर. माय ब्रदर. लास्ट टाइम, व्हॉट ही से?"

म्हाताऱ्याने माझ्याकडे नीट पाहिलं. सावकाश चष्मा काढला. मला खुर्चीवर बसवलं आणि एकेक शब्द सुटा करून सांगितलं, "त्याला त्रास झाला नाही. तो एकटा नव्हता. आणि त्याने तुझी आठवण काढली."

जन्मात इंग्रजी इतकं स्वच्छ कळलं नव्हतं मला.

मी त्याचे पायच धरले. त्याने माझ्या डोक्यावर हात ठेवला, डोळे मिटले आणि काहीतरी पुटपुटला. आता मला सांगा, कुठला डॉक्टर असा आशीर्वाद देतो? पण शंका यायला डोकं लागतं.

लगेच बाहेर जाऊन फोनकार्डाचे आकडे दाबले आणि आईला सांगितलं, डॉक्टर भेटले. ती म्हणाली, मला त्यांच्या तोंडून ऐकायचंय. मी म्हटलं, दहाव्याला बोलणं करून देतो. शब्द देऊन बसलो.

आत आलो तर डॉक्टरांभोवती गर्दी. टाकानिनीचे काका, म्हणजे त्या उपनगरात राहणाऱ्या दादाच्या मित्राचे वडील, सहा महिने मुलाकडे राहायला आलेले. ते आपल्या साखरेचं सगळं रडगाणं सांगत होते. म्हातारा त्यांची नाडी धरून घड्याळाकडे बघत होता. मग म्हणाला, बेताने खा, रोज चाला.

काका माझ्या कानात म्हणाले, "आमचा पुण्याचा डॉक्टर हेच सांगतो. माणूस हुशार आहे."

तेवढ्यात मॅनेजरबाई आल्या. "चला वॉल्टर, गाडी आलीये."

मी विचारलं, "हे डॉक्टर तुमच्याकडे येतात?"

"डॉक्टर?" बाई म्हणाल्या. "ते आमच्याकडेच राहतात. नट आहेत ते."

वॉल्टरने इंग्लंडात पन्नास वर्षं काम केलं. हिरो कधीच नाही. कधी न्यायाधीश, कधी बिशप, कधी बटलर, आणि सगळ्यात जास्त वेळा डॉक्टर. मुलगी इथे लग्न करून आली, तिने म्हातारपणी बापाला आणलं. आता त्याला सकाळी काय खाल्लं ते आठवत नाही. संवाद मात्र राहिलेत.

मग मला तो रविवार आठवला. दादा टीव्हीकडे बोट दाखवून म्हणाला होता, "याची रोज दाढी करतो मी." मी म्हटलं होतं, "फेकू नकोस," आणि कूस बदलली होती.

काका म्हणाले, "पण सल्ला चुकीचा नव्हता."

बाईंनी मला बाजूला घेतलं. दादा त्या दिवशी वॉल्टरची दाढी करतानाच पडला होता. लोक धावत आले तेव्हा वॉल्टर अर्ध्या गालाला फेस तसाच ठेवून, दादाचा हात धरून जमिनीवर बसला होता. खोलीत तिसरं कोणी नव्हतं.

म्हणजे ज्याला माहीत होतं, तो एवढाच.

मी रोज जायला लागलो. बाईंना विचारून त्याची दाढी मीच करायला घेतली. रोज विचारायचो, "वॉल्टर, खरं सांगा, दादा काय बोलला?" तो गोंधळायचा, मग हळूच विचारायचा, "आज मी कोण आहे?" एकदा इन्स्पेक्टर झाला आणि म्हणाला, गुन्हेगार सुटणार नाही. एकदा न्यायाधीश होऊन मलाच फाशी दिली. पहिल्या दिवशीचं ते वाक्य खरं होतं की कुठल्या मालिकेतलं, ते मला आजही माहीत नाही.

दहावा दिवस आला. इथे दुपार, तिकडे सकाळ. दाढी अर्धी झाली होती, तेवढ्यात आईला फोन लावायची वेळ झाली. मी म्हटलं, "वॉल्टर, आज तुम्ही डॉक्टर." त्याने समजल्यासारखी मान हलवली. पाठ ताठ केली, घसा साफ केला, फोन घेतला आणि खोल, गंभीर आवाजात म्हणाला, "जेवण वाढलं आहे, मालक. पाहुणे दिवाणखान्यात थांबले आहेत."

बटलर. नेमका आजच बटलर.

मी फोन घेतला. आईने विचारलं, "काय म्हणाले रे डॉक्टर?"

मी म्हटलं, "म्हणतात, त्याला त्रास झाला नाही. तो एकटा नव्हता. आणि शेवटी 'आई' म्हणाला."

आई बराच वेळ रडली. मग म्हणाली, "किती धीराचा आवाज आहे त्यांचा." आणि थोड्या वेळाने, "दादाला केवढा आनंद झाला असता रे. तुला इंग्रजी यायला लागलं."

कार्ड संपलं. वॉल्टर विचारत होता, जमलं का? मी म्हटलं, फार छान जमलं. त्याच्या डाव्या गालावर फेस वाळत चालला होता. तो पुन्हा ओला केला आणि दादाकडून अर्धी राहिलेली दाढी पुरी केली.