संत्रं चाखणारा

केबलवरच्या आमच्या कार्यक्रमात मी मीच असतो. पोट माझंच, शर्टही घरचाच. कळमन्याच्या बाजारात लिलावाआधी एखाद्या ढिगातलं संत्रं सोलायचं, कॅमेऱ्यासमोर खायचं आणि गोड की आंबट ते सांगायचं. निघालो होतो नट व्हायला, आणि अकरा वर्षं काढली ती या चाखण्यावर. सक्करदऱ्यात लोक रस्त्यात थांबवून मला टरबूजसुद्धा वाजवून बघायला लावतात.

गेल्या वर्षी संत्र्याच्या आंबिया हंगामात थोरल्या भावानं बागेतली संत्री आणली. फळगळ सुरू झाल्यानं घाबरून त्यानं ती आठ दिवस आधीच तोडली होती. लिलावाआधी मला बाजूला घेऊन म्हणाला, "आज माहा ढीग चाखजो. फक्त गोड म्हण. तुह्या एका शब्दानं माहं वर्ष निभते गा."

मी नटाचं खूळ घेऊन पुण्याला पळालो तेव्हा शेती एकट्यानं ओढणारा हाच. आजवर त्यानं माझ्याकडे काही मागितलं नव्हतं. नाही म्हणायची माझी छाती नव्हती, आणि खोटं बोलायचीही नव्हती.

कार्यक्रम थेट चालू होता. व्यापारी गोळा झाले. भाऊ हात मागे बांधून उभा. पहिली फोड दाताखाली आली आणि कानशिलं झिणझिणली. कशीबशी गिळली, हसलो आणि म्हणालो, "गोड आहे." माझी मलाच लाज वाटली.

बोली काही चढेना. शेजारचा ढीग तेवढ्यात दणक्यात गेला. कॅमेरा बंद होताच मी एका म्हाताऱ्या व्यापाऱ्यावर चिडलो, "गोड म्हटलं ना मी? मग काहून थांबले?"

"तुमचं बोलणं कोण ऐकते भाऊ या कल्ल्यात? आम्ही तं इतक्या वर्षांपासून तुमचा डावा डोळा पाहून राहिलो. आंबट असलं का तो मिटते."

मला हे ठाऊकच नव्हतं. स्वतःचा कार्यक्रम मी कधी धड पाहिलाच नव्हता. पाहायला बसलो की नुसतं पोट दिसायचं.

भावानं मिळाला त्या भावात माल दिला. तो गाडीपाशी ताडपत्री आवरत असताना मी जवळ गेलो आणि डोळ्याचं सगळं सांगून टाकलं. माझ्यामुळेच त्याच्या मालाचा भाव पडला, हेही सांगितलं.

तो ताडपत्रीची घडी घालत राहिला. मग म्हणाला, "मी नाही पाहिला गा तुहा डोळा. मी ऐकून राहिलो होतो."