मधलं नाव

जेवण झालंय, भांडी तशीच पडली आहेत. पंखा टकटक करत फिरतोय आणि मी डाव्या कुशीवर पडले आहे. झोप म्हणावी तर नाही, पण डोळे उघडे ठेवायचाही कंटाळा आलाय. संध्याकाळी पुण्याहून त्या ओजसचा फोन येणार. तो आणि त्याचे मित्र मिळून ह्यांच्या, म्हणजे माझ्या नवऱ्याच्या, सिनेमांचा महोत्सव करताहेत. ज्या सिनेमांचा विषय मी जन्मभर घरात काढू दिला नाही, ते बघायला आता शिकलीसवरलेली पोरं तिकीट काढून जातात आणि टाळ्या पिटतात. पिटू देत. पण ओजसला पोस्टरवर ह्यांचं खरं नाव हवंय. छापू का, असं त्याने मला विचारलंय. मी मिरजेत मुख्याध्यापिका होते, अर्धं गाव माझ्या हाताखालून गेलंय. त्याला काय सांगू, ते मला कळत नाही.

"उशी पार पातळ झाली गं," कोणीतरी म्हणतं.

पलंगाच्या कडेला हे बसले आहेत. जाऊन सहा वर्षं झाली, तरी शर्टाची वरची दोन बटणं उघडीच.

"तुम्ही कशाला आलात?"

"दमलोय. बसू दे जरा."

"तिकडंही शूटिंग असतं का?"

"तिकडं काहीच नसतं. त्याचाच शीण येतो."

मला हसू येतं, आणि हसल्याचा रागही येतो. चहा ठेवावा म्हणून उठते, तर स्वयंपाकघराच्या जागी शाळेचा व्हरांडा आहे. वर्गांना दारं नाहीत, जाड लाल पडदे आहेत. हे त्यातला एक पडदा बाजूला करतात. आत थिएटर आहे. सकाळचा खेळ असावा, कारण सगळे पुरुष एकेक खुर्ची सोडून बसलेत आणि कोणी कोणाकडे बघत नाही. ह्यांचा एकही सिनेमा मी कधी पाहिलेला नाही. डोक्यावरून पदर घेते आणि बसते.

पडद्यावर नावं येतात. दिग्दर्शन, विकी राज. लगेच दुसरा सिनेमा सुरू होतो, दिग्दर्शन, एम. दिलावर. तिसऱ्याला जॅक सागर.

"हे सगळे तुम्हीच?"

"मीच. दिलावर त्यातल्या त्यात बरा. त्याला भुतं जमायची. विकी राज म्हणजे नुसता हमाल, आठवड्यात सिनेमा उरकायचा."

"आणि तुम्ही स्वतः?"

"माझा एकच, सुईणीवरचा. तो डब्यातच राहिला."

तो मला आठवतो. एका खऱ्या सुईणीबरोबर हे गावोगाव हिंडले होते, घरी आले की जेवायचं सोडून तिच्याबद्दलच बोलत बसायचे. सिनेमा कोणी घेईना. मग एक निर्माता म्हणाला, आंघोळीचे दोन सीन असलेलं काहीतरी करून द्या, मग तुमच्या सुईणीचं बघू. ह्यांनी करून दिलं. पुढे नुसत्या आंघोळीच होत राहिल्या, सुईणीचं कोणी बघितलं नाही.

पडद्यावर आता एक खोली दिसते, पलंग दिसतो, आणि मी ताडकन उठते.

"अहो! ही माझी पोपटांची चादर!"

"ओ मावशी, बसा की खाली," मागून कोणीतरी ओरडतं.

"प्रॉडक्शनची चादर फार कळकट होती," हे हळूच म्हणतात. "त्या मुलीला किळस आली. आणि तुझी मी धुऊन आणली होती."

"काय नाव त्या मुलीचं?"

"पडद्यावर रेश्मा."

"खरं?"

"ती सांगायची नाही, मी विचारायचो नाही. एखादी रडायला लागली की लाइट बदला म्हणून सांगायचो आणि थोडा वेळ बाहेर जाऊन उभा राहायचो. परत येऊन शॉट घ्यायचो."

"बस? एवढंच?"

"एवढंच."

वाईट वाटतं, त्या मुलीचं वाटतं, आणि ह्यांचंही वाटतं ह्याची चीड येते. मान खाली घालते तर खुर्ची स्टाफरूमची आहे. पुढ्यात शाळा सोडल्याच्या दाखल्यांचा गठ्ठा आहे आणि मी सह्या करते आहे. प्रमिला अच्युत मेढेकर. प्रमिला अच्युत मेढेकर. समोरून कोणी शिक्षिका विचारते, मिस्टर काय करतात बाई? मी म्हणते, जाहिरातीत असतात.

"स्वतःची लाज वाटली म्हणून नाव लपवलंत," मी ह्यांना म्हणते. "आणि खोटं बोलायला मला बसवलंत."

हे वाकून माझ्या सहीच्या मधोमध बोट ठेवतात. "माझं नाव इथं बसलंय. मी ते थिएटरच्या भिंतीवर चिकटवलं असतं, तर तू ही सही कशी केली असतीस?"

माझा हात थांबतो. हे मला कधी सुचलंच नव्हतं.

"मला विचारायचं तरी."

"तू नको म्हणाली असतीस."

"म्हणाले असते. नक्कीच म्हणाले असते. पण विचारायला हवं होतंत." मी पेन दाखल्यांवर ठेवते. "मग आता छापू का नाव?"

"कशाला आता? दिलावर छाप. त्याला लोक ओळखतात." हे डोळे चोळतात. "दाखले तू घरी आणायचीस ना, मी एकेक काढून बघायचो. चांगल्या अक्षरात आपलं नाव कुठेतरी आलंय म्हणून."

स्टाफरूमचं छत नाहीसं झालंय. वर मोठे दिवे आहेत. कोणीतरी "सायलेन्स!" ओरडतं. हे क्लॅपची काळी पाटी माझ्या हातात देतात आणि खडू पुढे करतात.

"दिग्दर्शकाची जागा रिकामी आहे. लिही."

"कोणाचं लिहू?"

"तू सांग. हेडबाई तू."

मी लिहिते. खडू मध्येच मोडतो, उरलेल्या तुकड्याने पुरं करते. हे वाचतात. ओठ हलतात, पण आवाज येत नाही. परत पहिल्यापासून वाचतात.

फोन वाजतो आहे. पंखा तसाच टकटकतोय, उशी ओली झालीय. फोन घ्यायला हात पुढे करते तर बोटं पांढरी. नखांतसुद्धा खडू भरलाय. निवृत्त होऊन इतकी वर्षं झाली, घरात खडूचा तुकडाही नाही.

"काकू, झोपला होतात का?" ओजस विचारतो. "काय ठरलं? नाही म्हणालात तरी चालेल. आम्ही एम. दिलावर टाकू."

"त्यातल्या मुलींपैकी कोणी सापडली तर तिलाही असंच विचारशील? आधी?"

"हो काकू. विचारेन."

"मग घे लिहून," मी म्हणते. हे नाव मी सहीत रोज लिहिलं, तोंडाने कधी घेतलं नाही. "अच्युत मेढेकर."